आवाज आला म्हणून वळलात, की आधीपासून बघत होता?

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडते, म्हणजे बाकी वाचणाऱ्यांनाही उत्तर कशाचं आहे ते कळेल. दोन वर्षांपूर्वी, पावसाळ्यात, संध्याकाळी सातच्या सुमारास तुम्ही खानापूर रोडवर उद्यमबागेच्या पुढं चहाच्या टपरीवर उभे होता. तुम्ही लिहिलंय, “टेम्पोनं मोटरसायकलवाल्याला उडवलं.” तो पोरगा नंतर वारला. दुसऱ्या दिवशी पोलिसांनी तुमचा जबाब घेतला: टेम्पो ताशी ८० च्या वेगात होता, मोटरसायकल आपल्या बाजूनं सरळ चालली होती. आता साक्षीचं समन्स आलंय. मधल्या काळात कुणीतरी मोबाइलवर सीसीटीव्हीचा तुकडा दाखवला. त्यात मोटरसायकल दुभाजकाच्या फटीतून आडवी येताना दिसते, आणि टेम्पोही काही तसा सुसाट वाटत नाही. तुम्ही विचारताय, “पण डोळे मिटले की मला अजून ती सरळच येताना दिसते. मी खोटं बोललो काय? का माझं डोकं फिरलंय? कोर्टात काय सांगू?”

बेळगावच्या कोर्टात फौजदारी बाजूला मला ३१ वर्षं झाली. बहुतेक वेळा आरोपीच्या बाजूनं उभी राहिले. म्हणजे तुमच्यासारख्या साक्षीदाराची आठवण कुठं भुसभुशीत आहे ते चाचपून बघणं, हेच माझं पोटापाण्याचं काम. त्यामुळं हे उत्तर पलीकडच्या बाजूच्या माणसाकडून येतंय असं समजा.

पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरं लगेच देते. तुम्ही खोटं बोलला नाहीत आणि तुमचं डोकं ठीक आहे. तिसरं उत्तर लांब आहे. कारण खरा पेच ‘मी बरोबर की कॅमेरा बरोबर’ हा नाहीच. तुमच्याकडे त्या एका संध्याकाळचे तीन ऐवज आहेत: तुम्ही प्रत्यक्ष पाहिलेलं, जबाबात दुसऱ्याच्या हातानं उतरलेलं, आणि मोबाइलवर दिसलेलं. मनानं हे तिन्ही एकत्र कालवलेत. दहीभात एकदा कालवला की दही वेगळं काढता येत नाही. पण ताटात काय काय वाढलं होतं, एवढं तरी सांगता येतं. कोर्टाला तुमच्याकडून तेच हवंय.

काही गोष्टी मला इथं बसून सांगता येणार नाहीत. तुमच्या खटल्याचे कागद मी पाहिलेले नाहीत. टपरी रस्त्याच्या कुठल्या अंगाला, तुमचं तोंड कुठं, मधे काय उभं होतं, तो सीसीटीव्हीचा तुकडा पोलिसांनी रीतसर जप्त केलाय की नुसता गावभर फिरतोय, यावर बरंच अवलंबून आहे. पण माणूस कसं बघतो आणि कसं लक्षात ठेवतो, ते सगळीकडे सारखंच.

अपघाताच्या साक्षीदाराला मी सगळ्यात आधी एकच गोष्ट विचारते: “तुम्ही तिकडं कशामुळं बघितलं?”

साधा प्रश्न आहे, पण दहातले आठ साक्षीदार इथंच अडकतात. कारण खरं उत्तर असतं, “धाडकन आवाज आला म्हणून.” म्हणजे मान वळली तेव्हा टक्कर होऊन गेली होती. त्या माणसानं पाहिलं ते घसरत जाणारी मोटरसायकल, थांबलेला टेम्पो, रस्त्यावर पडलेलं हेल्मेट. त्याच्या आधीचे दोन-चार सेकंद त्याच्या डोळ्यांसमोर आलेच नव्हते. तरी तो अगदी प्रामाणिकपणे सांगतो की टेम्पो भरधाव आला, मोटरसायकल सरळ जात होती. हे कुठून आलं? मनानं शेवट बघितला आणि त्याला साजेशी सुरुवात लिहून टाकली. मोटरसायकल म्हटल्यावर ती रस्त्यावरून सरळच जाणार. पोरगा इतक्या लांब फेकला गेला म्हणजे टेम्पो जोरातच असणार. हा तर्क असतो. पण तर्क म्हणून मनात उभा राहत नाही, चित्र म्हणून उभा राहतो. आणि चित्राला ‘हे मी पाहिलंय’ असा शिक्का आपोआप बसतो.

तुम्ही चहा घेत होता. चहा घेणारा माणूस रस्त्याकडे टक लावून बघत नसतो. ग्लासाकडे, सोबत्याकडे, नाहीतर मोबाइलकडे बघत असतो. म्हणून तुम्हीही स्वतःला हा प्रश्न विचारा. उत्तर मला द्यायची गरज नाही.

बरं, समजा तुम्ही आधीपासून तिकडेच बघत होता. तरीही डोळा म्हणजे कॅमेरा नव्हे. हात समोर लांब करून अंगठ्याच्या नखाकडे बघा. डोळ्याला एका वेळी अगदी स्पष्ट दिसतं ते साधारण तेवढ्याच तुकड्यात. बाकीचं धूसर असतं. डोळा सेकंदाला दोन-तीन उड्या मारून तुकडे गोळा करतो आणि मेंदू त्याचं अखंड चित्र करून देतो. ती शिवण इतकी सफाईची असते की आपल्याला कधी दिसत नाही. 

वेगाचं तर विचारूच नका. टिळकवाडीत राहणाऱ्यांना हे रेल्वे गेटवर रोज अनुभवता येतं. लांबून येणारं इंजिन निवांत सरकतंय असं वाटतं, आणि बघता बघता अंगावर येतं. हर्शेल लिबोविट्झ या मानसशास्त्रज्ञानं १९८५ मध्ये रेल्वे फाटकांवरच्या अपघातांच्या संदर्भात हे मांडलं: मोठी वस्तू तेवढ्याच वेगानं येत असली तरी लहान वस्तूपेक्षा सावकाश येतेय असं वाटतं. शिवाय समोरून सरळ आपल्याकडे येणारी गाडी आधी फारशी मोठी होताना दिसत नाही, आणि शेवटच्या क्षणी एकदम फुगते. म्हणून ‘अचानक आला’ हे वाक्य प्रत्येक अपघाताच्या जबाबात सापडतं. ते खोटं नसतं. बघणाऱ्याला तसंच वाटलेलं असतं, पण त्यावरून चालकाचा वेग काढता येत नाही. बाजूनं बघणाऱ्याला थोडा बरा अंदाज येतो. तोही संध्याकाळी सात वाजता, पावसात, समोरच्या गाड्यांचे दिवे ओल्या डांबरावर चमकत असताना कितपत येणार?

एकदा निपाणीकडच्या एका मारामारीच्या खटल्यात दोन साक्षीदार भांडले. एक म्हणे हल्लेखोराचा शर्ट काळा, दुसरा म्हणे गडद निळा. दोघेही देवाशपथ सांगत होते. घटना रात्रीची, वर जुना पिवळा सोडियमचा दिवा. त्या उजेडात काळा आणि गडद निळा वेगळा ओळखूच येत नाही. दोघांनी एकच शर्ट पाहिला होता, आणि रंग घरी गेल्यावर भरला होता. त्या दिवशी मी आरोपीची वकील होते. त्या विसंगतीचा फायदा मी घेतला, हेही कबूल करते.

आता जबाबाकडे येऊ. तुमच्या बाबतीत मला सगळ्यात जास्त शंका तिथं आहे.

त्याआधी एक छोटं काम करा. खालचे शब्द एकदाच, सावकाश वाचा आणि पुढं चला. मागं येऊन बघू नका.

खवा, दूध, साखर, वेलदोडे, परात, उलथनं, आटवणं, तपकिरी, पेढा, मिठाई, डबा, भेट.

झालं? आता जबाब. १९७४ मध्ये अमेरिकेत एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर या मानसशास्त्रज्ञांनी विद्यार्थ्यांना गाड्यांच्या अपघातांच्या छोट्या फिल्म दाखवल्या आणि वेग विचारला. सगळ्यांना प्रश्न एकच, फक्त क्रियापद वेगळं. ‘गाड्या एकमेकींवर जोरात आदळल्या तेव्हा’ असं विचारलं तेव्हा सरासरी उत्तर आलं ताशी जवळपास ४१ मैल. ‘एकमेकींना लागल्या तेव्हा’ अशा अर्थाच्या सौम्य शब्दाला ३१.८ मैल. फिल्म त्याच, फरक जवळपास ९ मैलांचा, म्हणजे साधारण १४ किलोमीटरचा. पुढच्या प्रयोगात आठवड्यानंतर विचारलं, फुटलेली काच पाहिलीत का? ज्यांना ‘आदळल्या’ म्हणून विचारलं होतं त्या ५० पैकी १६ जण हो म्हणाले. ‘धडकल्या’ एवढंच ऐकलेल्या ५० पैकी ७. फिल्ममध्ये काच फुटलेलीच नव्हती.

आता आपल्याकडचं बघा. आपल्या भागात माणूस म्हणतो, “टेम्पोनं डॅश दिला ओ.” हा डॅश हलका का जोराचा, ते बोलणाऱ्याच्या तोंडावरून कळतं, शब्दावरून नाही. ठाण्यात लिहून घेणारा ते कन्नडमध्ये लिहितो. ठाण्याच्या लिखाणात अपघात बहुतेक वेळा एकाच साच्यातून निघतो: ‘अतिवेग मत्तु अजागरूकतेयिंद’ गाडी चालवून ‘डिक्की’ दिली. कन्नडमध्ये डिक्की म्हणजे टक्कर. खेड्यातल्या एका आजोबांना मी विचारलं होतं, जबाबात डिक्की लिहिलंय, ते तुम्ही सांगितलं काय? ते म्हणाले, “डिक्की? टेम्पोला कुठली ओ डिक्की?” कोर्ट हसलं. पण मुद्दा हसण्याचा नव्हता. ‘अतिवेग आणि निष्काळजी’ हे शब्द साक्षीदाराच्या तोंडचे नसतात, कलमाच्या भाषेतले असतात. गुन्हा सिद्ध व्हायला काय लागतं ते लिहिणाऱ्याला पाठ असतं, आणि हात तिकडेच वळतो. यात दरवेळी लबाडी असते असं मी म्हणत नाही. दिवसाला दहा जबाब लिहिणारा माणूस साच्यातच लिहिणार.

आणि तुमचे ते ८०? मी तिथं नव्हते, पण असे आकडे कसे जन्माला येतात ते शेकडो वेळा पाहिलंय. “किती जोरात होता? साठ? सत्तर? ऐंशी?” “असंल की ऐंशी.” झालं, आकडा लिहिला गेला. नंतर तो तुम्हाला वाचून दाखवला, कदाचित मोडक्या मराठीत. तुम्ही मान हलवली. घरी जाऊन बायकोला सांगितलं, ऐंशीनं आला होता. तेराव्याला त्या पोराच्या घरी गेला असाल तर तिथंही सांगितलं. आता हा आकडा तुमचा झाला. तुम्ही प्रश्न लिहितानासुद्धा ‘उडवलं’ हाच शब्द वापरलाय. तो शब्द त्या संध्याकाळी तुमच्या मनात होता का? की नंतर, टपरीवरच्या दहाजणांच्या तोंडून आला? विचार करा.

प्रत्येक वेळी सांगताना आठवण नव्यानं शिजते. मसाला त्या दिवशी घरात असेल तो. १९८६ च्या कन्नडसक्तीविरोधी आंदोलनात छगन भुजबळ वेष पालटून बेळगावात शिरले होते, हा इतिहास आहे. पण आमच्या शहापुरात त्यांना त्या वेषात ‘मी स्वतः ओळखलं होतं’ म्हणणाऱ्यांची संख्या दरवर्षी वाढते. त्यातले दोघं तर तेव्हा पाळण्यात असतील. ते थापाडे नाहीत. घरात इतक्यांदा ऐकलंय की ऐकलेल्याचं बघितलेलं झालंय.

दुसऱ्यांचं कशाला, माझंच सांगते. खानापूर कोर्टातला बैलचोरीचा एक खटला मी ज्युनिअर मुलांना वीस वर्षं रंगवून सांगत होते. फिर्यादीचा साक्षीदार म्हणाला, अंधारात गळ्यातल्या घुंगरावरून बैल ओळखला. मी उठून विचारलं, “गावात तशी घुंगरं किती बैलांच्या गळ्यात आहेत?” तो गप्प. माझी पहिली उलटतपासणी. मुलं खूश व्हायची. सिनिअर वारले तेव्हा त्यांच्या ऑफिसातली कपाटं आवरताना त्या खटल्याची वही सापडली. प्रश्न त्यांच्या अक्षरात, त्यांनीच विचारलेला. वर तारीख होती. त्या तारखेला मला सनदच मिळालेली नव्हती. मी मागच्या बाकावर बसलेली शिकाऊ मुलगी होते. वही अजून माझ्याकडे आहे. आणि आजही तो खटला आठवला की मला माझाच आवाज ऐकू येतो, सिनिअरचा नाही. वही वाचली म्हणून कानातला आवाज काही बदलला नाही.

म्हणून तुम्ही लिहिलंत की चित्रफीत बघूनही डोळ्यांसमोरचं चित्र हटत नाही, तेव्हा मला अजिबात नवल वाटलं नाही. २८ जानेवारी १९८६ ला अमेरिकेचं चॅलेंजर यान स्फोट होऊन पडलं. दुसऱ्या दिवशी उल्रिक नायसर आणि निकोल हार्श या मानसशास्त्रज्ञांनी विद्यार्थ्यांकडून लिहून घेतलं, बातमी तुम्हाला कुठं, कशी, कुणाकडून कळली. अडीच-तीन वर्षांनी त्यातल्या ४४ जणांना पुन्हा तेच विचारलं. ११ जणांचं सगळंच चुकलं. सगळं बरोबर आलेले फक्त ३. आणि चुकलेल्यांनाही आपल्या आठवणीची पक्की खात्री होती. मग त्यांना त्यांच्याच हस्ताक्षरातले जुने कागद दाखवले. तरी जुनी आठवण काही परत आली नाही. माझी वही आणि त्यांचे कागद एकाच जातीचे.

यातून वकील म्हणून मी शिकले ते एवढं: साक्षीदार किती ठाम आहे यावरून तो किती बरोबर आहे ते ठरवायचं नाही. निदान दोन वर्षांनंतर तरी नाहीच. चित्र ठसठशीत आहे म्हणून ते खरं असतं असं नाही, आणि कॅमेऱ्याशी जुळत नाही म्हणून तुम्ही लबाड ठरत नाही.

अरे हो, ते मघाचे शब्द. यादीत पेढा होता का? होता. केशर होतं का? नव्हतं. आणि कुंदा, आमची बेळगावची मिठाई, तो होता का? माझ्या ज्युनिअर मुलांपैकी निम्म्याहून जास्त शपथेवर ‘होता’ म्हणतात. आता वर जाऊन बघा. बेळगावच्या माणसापुढं खवा, आटवणं आणि तपकिरी एवढं ठेवलं की कुंदा तो स्वतःच आणून ठेवतो. परगावच्या पाहुण्यावर हे तितकं चालत नाही. जे माहीत असतं तेच मन भरतं. टेम्पो, मोटरसायकल, मेलेला तरुण पोरगा: यातून कुठली गोष्ट तयार होते, तीही आपल्या सगळ्यांना तोंडपाठ आहे.

मग कॅमेरा तरी खरा धरायचा का? इथं मी तुम्हाला थोडं थांबवते. कॅमेरा हाही साक्षीदारच आहे, आणि त्याचीही उलटतपासणी होते. दुकानाच्या पाटीखाली बसवलेल्या कॅमेऱ्याचं भिंग रुंद कोनाचं असतं. लांबच्या गाड्या त्यात आहेत त्याहून लांब आणि सावकाश वाटतात. बरेच कॅमेरे सेकंदाला मोजकीच चित्रं टिपतात, म्हणून हालचाल तुटक दिसते. कोपऱ्यातलं घड्याळ पाच-दहा मिनिटं पुढं-मागं असतं, ते कुणी लावलेलं नसतं. मोबाइलवरून मोबाइलवर फिरलेल्या तुकड्याची सुरुवात कुठं कापलीय ते कुणालाच ठाऊक नसतं. आणि कुणी तो हळू गतीनं दाखवला असेल तर आणखी गोंधळ: २०१६ मध्ये अमेरिकेत झालेल्या अभ्यासात दिसलं की तीच घटना सावकाश दाखवली की बघणाऱ्यांना ती जास्त जाणूनबुजून केलेली वाटते. कोर्टात असं चित्रण पुरावा म्हणून यायला प्रमाणपत्र लागतं, तपास लागतो. व्हॉट्सॲपवर आलं म्हणून ते पुरावा होत नाही. दुभाजकाची फट तुम्हाला त्यात दिसली, खरी असेलही. पण ती तुम्ही टपरीवरून पाहिलेली नाही. हे विसरलात तर एका चुकीतून निघून दुसरीत पडाल.

कायद्याचं थोडक्यात. पोलिसांपुढचा जबाब जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम १६१ खाली होता, १ जुलै २०२४ पासून नागरिक सुरक्षा संहितेत कलम १८० खाली. त्यावर साक्षीदाराची सही घ्यायची नसते. तो जबाब म्हणजे तुमची साक्ष नव्हे. साक्ष तुम्ही कोर्टात द्याल तीच. जबाबातल्या आणि साक्षीतल्या फरकावर बोट ठेवायला तो वापरता येतो, म्हणून माझ्यासारखे वकील तो घेऊन उभे राहतात. फरक निघाला म्हणजे तुम्ही गुन्हेगार झाला असं नाही. खोटी साक्ष कशाला म्हणायचं, याची व्याख्या जुन्या दंड संहितेच्या १९१ मध्ये होती, आता न्याय संहितेच्या २२७ मध्ये आहे: विधान खोटं असलं पाहिजे, आणि ते खोटं आहे हे सांगणाऱ्याला माहीत असलं पाहिजे, किंवा तसं वाटत असलं पाहिजे, किंवा ते खरं आहे असं त्याला वाटत नसलं पाहिजे. दोन वर्षांपूर्वी ८० म्हणालात तेव्हा तुम्हाला ते खरंच वाटत होतं. पण आज मनात शंका असताना केवळ जबाबाशी जुळावं म्हणून उभं राहून ‘ऐंशीच’ म्हणालात, तर ती गोष्ट वेगळी होते. नीट लक्षात घ्या.

सर्वोच्च न्यायालयानं हे सगळं आपल्या भाषेत कधीच मान्य केलंय. १९८३ च्या भरवाडा निकालात न्यायमूर्ती ठक्कर यांनी लिहिलं की साक्षीदाराची स्मरणशक्ती छायाचित्रासारखी असावी ही अपेक्षाच चुकीची, मनाच्या पडद्यावर व्हिडिओ टेप फिरत नसते. वेळ आणि कालावधी तर लोक अंदाजानंच सांगतात. बारीकसारीक विसंगतीला फार महत्त्व देऊ नये, असं त्यात आहे. सरकारी वकील हा निकाल माझ्या तोंडावर फेकत आलेत. चांगला निकाल आहे. मात्र मोटरसायकल सरळ होती की आडवी, ही बारीकसारीक विसंगती नव्हे. सगळा खटलाच त्यावर उभा राहू शकतो.

तर आता काय करायचं? आज रात्री कागद घ्या आणि त्या संध्याकाळच्या टपरीवर मनानं परत जा. ग्लास कुठल्या हातात होता, पाऊस होता का, सोबत कोण, तोंड कुठं, काय बोलणं चाललं होतं. फिशर आणि गाइझलमन या दोन मानसशास्त्रज्ञांनी १९८० च्या दशकात पोलिसांसाठी जी विचारपूस करायची पद्धत बसवली, तिचा गाभा हाच: आधी जागा उभी करा, मग माणसाला न अडवता बोलू द्या. लिहिताना प्रत्येक वाक्यापुढं खूण करा: बघितलं, ऐकलं, की वाटलं. वेग आणि चूक कुणाची हे लिहूच नका. ‘आठवत नाही’ हेही लिहा. या पद्धतीनं हरवलेलं सगळं परत येत नाही, आणि जे डोळ्यांनी घेतलंच नव्हतं ते तर कधीच येत नाही. पण शिवण कुठं आहे ते थोडंफार दिसतं. कागद कोर्टात न्यायचा नाही, तो तुमच्यासाठी आहे.

चित्रफीत परत बघू नका. टपरीवाल्याला किंवा दुसऱ्या साक्षीदाराला भेटून ‘तुला काय आठवतंय’ करू नका. दोघं भेटलात की दोघांची आठवण एक होते, आणि वकिलाला ते लगेच ओळखू येतं, कारण दोघं एकच शब्द वापरतात. जागेवर जाऊन उभं राहावं का, यावर आम्हा वकिलांतच दोन मतं आहेत. माझं मत, नको. दोन वर्षांत तिथं गतिरोधक, फलक, काहीही नवीन झालं असेल, आणि तेही तुमच्या आठवणीत जाऊन बसेल.

तारखेच्या दिवशी थोडं लवकर जा आणि सरकारी वकिलांना भेटून दोन गोष्टी स्पष्ट सांगा: मी ते चित्रण नंतर मोबाइलवर पाहिलंय, आणि वेगाचा आकडा माझा अंदाज होता. काही जण वैतागतील. तुम्हाला फितूर ठरवण्याची भाषाही निघेल. घाबरू नका, फितूर म्हणजे फक्त सरकारी बाजूनंच तुमची उलटतपासणी घ्यायची परवानगी मागितली. कुणी पढवायला लागलं तर मात्र ऐकून घेऊ नका, मग ते कुठल्याही बाजूचं असो.

तुम्ही पिंजऱ्यात आणि मी समोर असते तर काय विचारलं असतं ते सांगते. “तुम्ही टेम्पोचा वेग मोजला होता काय?” तुम्ही म्हणा, नाही, जोरात वाटला, आकडा सांगता येणार नाही. “मग जबाबात ८० कसे?” त्या वेळी अंदाजानं बोललो असेन. “टक्कर व्हायच्या आधी तुम्ही रस्त्याकडे बघत होता काय?” इथं तुमच्या कागदावर जे निघालं असेल ते. आवाज आल्यावर वळला असाल तर तसंच सांगा. मग मोटरसायकल सरळ होती की आडवी, हा प्रश्न तुमच्यापुरता संपला. त्याचं उत्तर घटनास्थळाचा पंचनामा, ब्रेकच्या खुणा, गाड्यांवर आदळल्याच्या जागा आणि मोटार वाहन निरीक्षकाचा अहवाल देतील. आधीपासून बघत असाल आणि ती सरळच दिसली असेल, तर तेही सांगा, चित्रफीत काहीही म्हणो. आणि मी आवाज चढवून “होय की नाही, एवढंच सांगा” म्हटलं तर न्यायाधीशांकडे बघून म्हणा, मला खात्रीनं सांगता येत नाही. असं म्हणणारा साक्षीदार मला सगळ्यात जड जातो. ठाम माणसाला मोडता येतं. जो आपल्या कुंपणाच्या आतच उभा आहे त्याला ओढायचं कुठं?

तुम्ही शेवटी लिहिलंय की घरचे म्हणतात, तुला कन्नड नीट येत नाही, तिथं गेल्यावर हो हो म्हणून ये. हे मात्र करू नका. साक्ष तुम्ही मराठीत देऊ शकता, ती नोंदवली जाईल कन्नडमध्ये. साक्ष वेगळ्या भाषेत लिहिली गेली आणि साक्षीदाराला ती भाषा कळत नसेल, तर त्याला कळणाऱ्या भाषेत ती समजावून सांगायची, असा नियम जुन्या संहितेच्या कलम २७८ मध्ये होता आणि नव्या संहितेतही आहे. दुपारच्या गडबडीत कुणी आपणहून करेलच असं नाही. म्हणून सही करायच्या आधी हात जोडून सांगा, “साहेब, मराठीत वाचून दाखवा.” तुम्ही ‘लागला’ म्हणाला असाल तर तिथं काय लिहिलंय ते ऐका. ‘वाटलं’ म्हणाला असाल आणि कागदावर ‘पाहिलं’ झालं असेल, तर तिथल्या तिथं दुरुस्त करून घ्या, आणि मग सही करा.